कढईत पालेभाजी, त्यात अननस आणि तुमचे प्रश्न

पालेभाजी, फळ आणि टोफू (सोयाबीनच्या दुधाचं पनीर) घालून मोठ्या आचेवर दहा मिनिटांत होणारी, दूध-दही-तूप काहीच नसलेली स्टरफ्राय मी माझ्या पेशंटना सांगत असते. ती कुणीतरी व्हॉट्सअॅपवर फिरवली आणि तेव्हापासनं फोनला उसंत नाही. मी आहारतज्ज्ञ आहे, शेफ नाही, हे आधीच सांगते. पण प्रश्न तेच तेच येतायत, म्हणून आता सगळ्यांना इथंच उत्तरं.

मॅडम, माझी स्टरफ्राय होतच नाही, पाण्यात पोहणारी भाजी होते. काय चुकतंय? (एक ताई, राजारामपुरी)

बहुतेक सगळंच. पेंडी सोडवून भाजी तीन पाण्यातनं काढायची, चाळणीत निथळायची, मग सुती पंच्यावर पसरून कोरडी करायची आणि चिरायची त्यानंतर. चिरून पाण्यात भिजत ठेवली की क जीवनसत्त्व पाण्याबरोबर मोरीत जातं. एका वेळी दोनच माणसांची भाजी करा, कढई गच्च भरली की गॅस कितीही मोठा असू दे, भाजी वाफेवर शिजते, परतली जात नाही. दोन चमचे शेंगतेल चांगलं तापलं की ठेचलेला लसूण, आलं, एक सुकी मिरची मोडून, टोफूच्या दाबून पाणी काढलेल्या फोडी लालसर करून बाजूला काढायच्या, मग पोकळ्याची नाहीतर पालकाची देठं एक मिनिट, मग पानं, पानं खाली बसली की लगेच अननसाच्या किंवा कच्चट पेरूच्या अर्धी वाटी फोडी, टोफू परत आत, अर्धा मिनिट, एक छोटा चमचा सोया सॉस आणि गॅस बंद. मीठ लागलंच तर आत्ता, आधी घातलं की पानं पाणी सोडतात. वरनं लिंबू आणि शेंगदाण्याचं कूट. पिकलेली पपई आणि केळं नको, लगदा होतो. आणि लोखंडी कढई असेल तर झाल्या झाल्या दुसऱ्या भांड्यात काढा, आंबटामुळं भाजी काळी पडते आणि तोंडात लोखंडाची चव येते.

मध घातला तर चालेल का?

नाही, मध वीगन नाही, वीगन म्हणजे प्राण्यांपासनं मिळणारं काहीच नाही. गूळ घाला, कोल्हापुरात राहून मध कशाला शोधताय. शुगर असेल तर गूळही नको.

फळ आणि भाजी एकत्र म्हणजे विरुद्ध आहार, अंगावर पांढरे डाग येतात असं सासूबाई म्हणतात. खरं काय? (शाहूपुरी)

खरं नाही. कैरी घातलेली आमटी, कच्च्या फणसाची भाजी, पेरूची कोशिंबीर, कच्च्या केळ्याची भाजी, हे सासूबाईंनी आयुष्यभर केलंय आणि खाल्लंय. कोड ही शरीराच्या प्रतिकारशक्तीनं स्वतःच्याच रंगपेशींवर हल्ला केल्यानं होणारी गोष्ट आहे, अननस-पालकानं होत नाही. पण अंगावर डाग खरंच दिसत असेल तर मला फोटो पाठवू नका, त्वचेच्या डॉक्टरांना दाखवा.

अननस खाल्ला की जीभ चुरचुरते. शिजवल्यावरही होईल का?

अननसात ब्रोमेलेन नावाचं एन्झाइम असतं, ते प्रथिनं तोडतं, म्हणून जीभ सोलल्यासारखी होते. उष्णतेनं ते निकामी होतं, तेव्हा नीट गरम झालेल्या फोडीनं सहसा होत नाही. पण ओठ सुजणं, घसा आवळणं, अंगावर पित्त उठणं असं काही होत असेल तर ती अॅलर्जी असू शकते, मग शिजवून बघू वगैरे प्रयोग घरी करायचे नाहीत, थेट डॉक्टर.

पाकिटावर हिरवा ठिपका आहे म्हणजे वीगनच ना? (कसबा बावडा)

नाही हो. हिरवा ठिपका म्हणजे शाकाहारी, आणि आपल्याकडं शाकाहारात दूध, तूप, मध सगळं बसतं. वीगनसाठी एफएसएसएआय या अन्नसुरक्षेच्या सरकारी संस्थेचे २०२२ चे वेगळे नियम आहेत आणि वेगळा लोगो आहे, हिरव्या रंगात इंग्रजी व्ही आणि त्याला पान. तो नसेल तर मागची बारीक अक्षरं वाचा: दुधाची पावडर, व्हे, केसीन (दोन्ही दुधातलीच प्रथिनं). ऑयस्टर सॉस आणि फिश सॉस तर शाकाहारीसुद्धा नाहीत, आणि स्टरफ्रायच्या परदेशी रेसिप्यांमध्ये हे दोन्ही सर्रास असतात.

याच्याच जोडीला तेलाच्या डब्यावरचं ‘कोलेस्ट्रॉल फ्री’. अहो, कोलेस्ट्रॉल प्राण्यांपासनं मिळणाऱ्या पदार्थांत असतं, शेंगदाण्यात, सूर्यफुलात, करडईत ते मोजण्याइतकं नसतंच, मग काढलं कुठनं? त्या तीन शब्दांसाठी जास्त पैसे देऊ नका. तेल म्हणजे तेलच, एका छोट्या चमच्यात साधारण ४५ कॅलरी, मग ते घाण्याचं असो नाहीतर इटलीचं.

आमच्यात चटणीशिवाय काही शिजत नाही. कांदा-लसूण चटणी घातली तर? (गंगावेस)

घाला की. घरची असेल तर त्यात मिरची, खोबरं, तीळ, लसूण, कांदा, तेल, दुधाचं काहीच नसतं. फक्त चटणीत मीठ असतं हे विसरू नका आणि मग वरनं सोया सॉस ओतू नका. एका मोठ्या चमच्याभर सोया सॉसमध्ये साधारण ९०० मिलिग्रॅम सोडियम असतं आणि दिवसभराची मर्यादा २००० ची आहे. बीपीवाल्यांनी सोया सॉस सोडलेलाच बरा. आणि तो कमी सोडियमवाला मिठाचा पुडा परस्पर आणू नका, त्यात पोटॅशियम असतं, किडनीचा त्रास असेल किंवा बीपीच्या काही गोळ्या चालू असतील तर ते अंगाशी येतं, आधी डॉक्टरांना विचारा.

वडिलांच्या हृदयाचा व्हॉल्व्ह बदललाय, रक्त पातळ होण्याची गोळी चालू आहे. पालेभाजी बंद करायची का? (कागल)

गोळी वॉरफेरिन किंवा त्याच जातीतली असेल तर पालेभाजीतलं के जीवनसत्त्व तिच्या विरुद्ध काम करतं. पण बंद करा असं मी म्हणत नाही, आणि आजपासनं रोज वाटीभर खा असंही म्हणत नाही. घोळ होतो तो अचानक बदलानं. रोज जेवढी खातात तेवढीच, नेमानं, आणि काहीही बदलायचं असेल तर आधी हृदयाच्या डॉक्टरांशी बोलून, आयएनआरची, म्हणजे रक्त गोठायला किती वेळ लागतो त्याची, तपासणी ठरल्या तारखेला. गोळीचा डोस शेजाऱ्याच्या सांगण्यावरनं हलवायचा नाही.

मुतखडा होऊन गेलाय, पालक चालेल का?

खडा कशाचा होता? रिपोर्ट काढा आणि घेऊन या. कॅल्शियम ऑक्झलेटचा असेल तर पालक, लाल माठ, राजगिरा यांत ऑक्झलेट भरपूर आहे, त्यापेक्षा मेथी किंवा कोबी बरा. किडनीच खराब असलेल्यांसाठी एक गोष्ट मात्र ठळक अक्षरात लिहा: कमरख, म्हणजे ते चांदणीच्या आकाराचं स्टारफ्रूट, अजिबात नाही. त्यातल्या विषारी घटकानं किडनीच्या पेशंटना उचक्या लागतात, भ्रम होतो, झटके येतात, जीवही गेलेत. बाजारात शोभेसाठी घेतलं आणि चार चकत्या टाकल्या, असं करू नका.

मुलगा २१ वर्षांचा, दीड वर्षापूर्वी वीगन झाला. आमचं घर तालमीचं, गंगावेशीत कट्ट्यावर उभं राहून समोर काढलेलं दूध पिणारं. तो रोज हीच पालेभाजी-फळाची स्टरफ्राय खातो, ताकद आहे म्हणतो. पण आता पायाला मुंग्या येतात म्हणतोय. कंपनीच्या माणसानं स्पिरुलिनाच्या गोळ्या दिल्यात. एवढं हिरवं खातोय म्हणजे सगळं मिळत असणार ना?

ताई, नाही. आणि हा प्रश्न तुम्ही मला चार महिने आधी विचारायला हवा होता, कारण तुमच्याच मेसेजमध्ये पुढं लिहिलंय की मुंग्या दिवाळीपासनं आहेत.

बी-१२ हे जीवनसत्त्व ना पालकात आहे, ना अननसात, ना टोफूत. ते बॅक्टेरिया तयार करतात आणि आपल्यापर्यंत ते दूध, अंडी, मांस, मासे यांतनं पोचतं. दिवसाला लागतं फक्त दोन-अडीच मायक्रोग्रॅम, म्हणजे दिसणारही नाही एवढं, पण तेवढंही नसलं की नसा आणि रक्त दोन्ही बिघडतं. यकृतात साठा असतो, म्हणून सुरुवातीला माणूस ठणठणीत असतो आणि सगळ्यांना सांगत सुटतो की मला बघा, काही झालं नाही. आपल्याकडं मुळात बऱ्याच लोकांचा साठा तुटपुंजा, तो लवकर संपतो. मग जीभ लाल गुळगुळीत होते, धाप लागते, हातापायाला मुंग्या, चालताना तोल जातो, विसरायला होतं. नसांना झालेली इजा उशीर झाला की पूर्ण भरून येत नाही. म्हणून मी ओरडते.

आता हिरव्या भाजीचं. पालेभाजीत फोलेट हे बी गटातलं जीवनसत्त्व भरपूर असतं, चांगलंच आहे, पण बी-१२ कमी असताना फोलेट, खास करून फोलिक अॅसिडच्या गोळ्या, भरपूर गेल्या की रक्ताचा रिपोर्ट सुधारलेला दिसू शकतो आणि आत नसा मात्र बिघडत राहतात. म्हणजे हिमोग्लोबिन चांगलं आलं म्हणून खूश होऊन घरी बसायचं नाही.

स्पिरुलिनाचं, म्हणजे त्या शेवाळाच्या गोळ्यांचं, तर बोलायलाच नको. त्यात जे असतं ते बी-१२ सारखं दिसणारं, पण माणसाच्या शरीराला न चालणारं रूप असतं. डब्यावर मोठ्या अक्षरात नैसर्गिक बी-१२ छापायला त्यांचं काय जातं? दुसरी एक अफवा, भाजी न धुता खाल्ली की मातीतनं बी-१२ मिळतं. पंचगंगेचं पाणी शेतातनं फिरून गेल्यावरची पालेभाजी न धुता खा असं सांगणाऱ्यानं आधी स्वतः खाऊन दाखवावी. जंत आणि जुलाब मिळतील. आणि इडली, आंबील, आंबवलेलं पीठ यावरही या बाबतीत विसंबता येत नाही.

करायचं काय? मुलाला या आठवड्यात फिजिशियनकडं न्या, पुढच्या नाही. मुंग्या शुगरनं, थायरॉइडनं, इतर कारणांनीही येतात, ते त्यांना बघू दे. बी-१२ ची तपासणी गोळ्या सुरू करायच्या आधी होऊ दे, नाहीतर आकडा फसवतो. पण तपासणीच्या नावाखाली आणखी महिना घालवायचा नाही. गोळी की इंजेक्शन, किती आणि किती दिवस, हे डॉक्टर ठरवतील, मेडिकलवाल्याला विचारून लाल इंजेक्शनं टोचून घेऊ नका. आणि हो, त्याला परत दूध प्यायला लावायचं म्हणून हे मी लिहीत नाहीये. वीगन राहायचं तर राहू दे, गोळी मात्र कायमची. त्या गोळ्याही वीगन मिळतात, तेव्हा ते कारण त्यानं सांगायचं नाही. मेटफॉर्मिन ही शुगरची गोळी घेणाऱ्यांनो आणि वर्षानुवर्षं अॅसिडिटीची गोळी घेणाऱ्यांनो, दूध पीत असलात तरी तुम्हीसुद्धा बी-१२ तपासून घ्या.

टोफू महाग पडतो. त्याच्याऐवजी?

मोड आलेली मटकी, थोडी वाफवून. मिसळीला आणतोच की आपण. नाहीतर भाजलेले शेंगदाणे. भाजी आणि फळावर प्रोटीन भागत नाही, १०० ग्रॅम पालकात जेमतेम दोन-तीन ग्रॅम.

शुगर आहे, फळ घातलेली भाजी खाऊ का? (इचलकरंजी)

कच्चट पेरू, अर्धी वाटी, गूळ न घालता, भाकरीबरोबर, हे बऱ्याच जणांना चालतं. तुमच्या गोळ्या, इन्सुलिन, मागचे तीन महिन्यांचे आकडे मला माहीत नाहीत, त्यामुळं तुम्हाला चालतंच असं इथनं सांगणार नाही. जेवणाआधी आणि दोन तासांनी शुगर मोजा आणि ती वही घेऊन तुमच्या डॉक्टरांकडं जा.

जेवल्यावर लगेच चहा?

तासभर तरी थांबा. भाजीतलं लोह चहा अडवतो, लिंबू त्याला मदत करतं, म्हणून तर लिंबू पिळायला सांगितलं.

सकाळची उरलेली संध्याकाळी, किंवा दुसऱ्या दिवशी डब्यात?

फ्रिजमध्ये ठेवली असेल तर दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत, एकदाच कडकडीत गरम करून. दिवसभर ओट्यावर राहिली असेल तर टाका. लहान बाळाला उरलेली पालेभाजी अजिबात देऊ नका, आणि बाळाला वीगन ठेवायचं मनात असेल तर आधी बालरोगतज्ज्ञांची वेळ घ्या, मला मेसेज नंतर.