साक्षीदाराला न पाहता तिच्या साक्षीचे मोल कसे ठरते?

प्रश्न : माझ्या भाचीवर झालेल्या अत्याचाराच्या खटल्यात सत्र न्यायालयाने आरोपीची निर्दोष मुक्तता केली. भाचीने दोन दिवस कोणालाच काही सांगितले नाही आणि पोलिसांना दिलेल्या जबाबात नसलेल्या दोन गोष्टी तिने कोर्टात सांगितल्या, म्हणून तिची साक्ष विश्वासार्ह नाही, असे निकालपत्रात म्हटले आहे. आम्हाला अपील करायचे आहे. परंतु उच्च न्यायालयात साक्षीदारांना सहसा पुन्हा बोलावत नाहीत असे समजले. ज्या न्यायमूर्तींनी तिला पाहिलेलेच नाही, ते ती खरे बोलली की नाही हे कसे ठरवणार?
— एक वाचक, सातारा जिल्हा

उत्तर : आपली शंका रास्त आहे. अपिलात न्यायमूर्तींपुढे असते ते पेपरबुक, म्हणजे नोंदवलेल्या साक्षी, पंचनामे, वैद्यकीय अहवाल आणि खालच्या न्यायालयाचे निकालपत्र. साक्षीदाराला पिंजऱ्यात बोलताना ज्याने पाहिले त्या न्यायाधीशाच्या मताला म्हणूनच वजन दिले जाते. ब्रिटिश काळातील सर्वोच्च अपील न्यायालय असलेल्या प्रिव्ही कौन्सिलने १९३४ साली सांगितलेले हे तत्त्व आजही पाळले जाते. शिवाय एकदा निर्दोष सुटलेल्या आरोपीच्या बाजूचे निरपराधत्वाचे गृहीतक अधिक बळकट होते, आणि पुराव्यातून दोन निष्कर्ष वाजवीपणे निघत असतील तर केवळ दुसरा अधिक पटतो म्हणून तो निकाल फिरवला जात नाही. मात्र सर्वोच्च न्यायालयाने २००७ च्या चंद्रप्पा निकालात हे सांगतानाच, अपील न्यायालयाला सर्व पुरावा नव्याने तपासण्याचा पूर्ण अधिकार आहे, असेही स्पष्ट केले आहे.

आता आपल्याच निकालपत्राकडे पुन्हा पाहा. साक्षीदाराच्या हावभावांबद्दल न्यायाधीशाला काही महत्त्वाचे वाटले तर त्याने ते साक्षीच्या नोंदीतच लिहून ठेवावे, अशी कायद्यात तरतूद आहे. आपण कळवलेली दोन्ही कारणे भाचीच्या चेहऱ्यावरून काढलेली नाहीत. दोन दिवसांचे मौन आणि जबाबातली तफावत या दोन्ही गोष्टी कागदावर आहेत, आणि तेच कागद उच्च न्यायालयही वाचणार आहे. पाहिल्याचा फायदा इथे फारसा उरत नाही. उरतो तो प्रश्न एवढाच, की त्या कागदावरून काढलेला निष्कर्ष बरोबर आहे का?

पंजाबमधील १९८४ चे एक प्रकरण यासाठी मुद्दाम वाचावे असे आहे. दहावीचा पेपर देऊन मामाच्या घरी निघालेल्या, सोळा वर्षेही पूर्ण न झालेल्या मुलीला मोटारीत घालून नेण्यात आले आणि दुसऱ्या दिवशी सकाळी परीक्षेच्या शाळेजवळ सोडण्यात आले. तिने पेपर दिला आणि घरी पोहोचल्यावर आईला सारे सांगितले. तिला फियाट आणि अँबॅसेडर यांतला फरक सांगता येत नाही, तिने आरडाओरडा केला नाही, शाळेतल्या मैत्रिणींना किंवा शिक्षिकांना काही सांगितले नाही, अशा कारणांवरून खालच्या न्यायालयाने तिच्यावर अविश्वास दाखवून आरोपींना सोडले. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली, पंजाब राज्य विरुद्ध गुरमीत सिंग या निकालात, तिला एकदाही न पाहता, ही कारणे एकेक करून तपासली आणि फेटाळली. गावातल्या मुलीला मोटारींच्या जाती ठाऊक नसणे आणि अशी गोष्ट तिने प्रथम आईलाच सांगणे यात अस्वाभाविक काहीच नाही, असे ठरवून न्यायालयाने आरोपींना प्रत्येकी ५ वर्षांची सक्तमजुरी दिली. पीडितेची साक्ष विश्वास बसण्याजोगी असेल तर दुजोऱ्याचा, म्हणजे तिला पुष्टी देणाऱ्या इतर पुराव्याचा, आग्रह धरू नये, हेही त्याच निकालात आहे.

आपल्या महाराष्ट्राने याची उलट बाजूही पाहिली आहे आणि ती आठवताना आजही मन विषण्ण होते. देसाईगंज पोलीस ठाण्यात १९७२ मध्ये एका मुलीवर पोलिसांनीच बलात्कार केल्याच्या आरोपाच्या प्रकरणात सत्र न्यायालयाने त्या पोलिसांना सोडले, नागपूर खंडपीठाने १९७६ मध्ये दोषी ठरवले, आणि अंगावर जखमा नाहीत, ओरडली नाही, या तर्काला महत्त्व देऊन सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये त्यांना पुन्हा मुक्त केले. त्या निकालाविरुद्ध उठलेल्या आवाजामुळेच १९८३ साली कायदा बदलला आणि कोठडीतील बलात्कारासारख्या प्रकरणांत संबंध सिद्ध झाल्यास, संमती नव्हती हे स्त्रीचे म्हणणे गृहीत धरण्याची तरतूद आली.

तथापि आपल्याला खोटी आशा लावणे मला योग्य वाटत नाही. पीडितेचा प्रत्येक शब्द खराच मानावा असा नियम नाही. २००८ च्या राजू निकालात सर्वोच्च न्यायालयाने तसे बजावले आहे. जबाबात नसलेली गोष्ट जर आरोपाच्या गाभ्याची असेल, उदाहरणार्थ आरोपीचे नावच प्रथम कोर्टात आले असेल, तर अडचण मोठी आहे. ती गोष्ट खोलीचा दरवाजा कोणत्या बाजूला होता किंवा तेव्हा किती वाजले होते अशा तपशिलाची असेल, तर एवढ्यावरून साक्ष मोडत नाही.

पीडितेला स्वतः अपील करण्याचा हक्क ३१ डिसेंबर २००९ पासून आहे. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४१३ मध्ये तो कायम आहे आणि त्यासाठी न्यायालयाची आगाऊ परवानगी लागत नाही, असा २०१८ चा निर्णय आहे. वेळ न दवडता निकालपत्राच्या, भाचीच्या साक्षीच्या आणि तपासी अधिकाऱ्याच्या साक्षीच्या प्रमाणित नकला काढा. त्या दोन गोष्टी जबाबात का नाहीत, असे उलटतपासणीत भाचीला विचारले होते का आणि तिने काय उत्तर दिले, ते पाहा. नंतर तपासी अधिकाऱ्याच्या उलटतपासणीत, ‘साक्षीदाराने माझ्यासमोर असे सांगितले नव्हते’ हे त्याच्याकडून वदवून घेतले आहे का, ते शोधा. तसे वाक्य तिथे नसेल, तर ती तफावत रीतसर सिद्धच झालेली नाही, आणि आपल्या वकिलांनी अपिलात प्रथम तेच पान उघडावे.