आधी कापाब्लांका बघ

बुद्धिबळ नव्याने शिकताना आनंद, कास्पारोव्ह, कार्लसन यांचे सगळे डाव एकदम उघडून बसू नकोस. माझं ऐक, होसे राउल कापाब्लांकापासून सुरुवात कर. क्युबाचा हा खेळाडू १९२१ मध्ये लास्करला हरवून जगज्जेता झाला. त्याआधीपासून, म्हणजे १९१६ ते १९२४, तो स्पर्धेत एकही डाव हरला नव्हता. ही मालिका न्यूयॉर्कला रेटीने तोडली.

त्याच न्यूयॉर्क स्पर्धेतला त्याचा टार्टाकोव्हरविरुद्धचा डाव लाव. पट समोर मांड, हाताने चाली कर. शेवटी पटावर राजे, हत्ती आणि प्यादीच उरतात, तेव्हा कापाब्लांका राजा पुढे काढतो आणि आपली दोन प्यादी खुशाल मारू देतो, दोन्ही वेळा शह बसतो तरीही! राजा एच४, जी५ या घरांवरून एफ६ वर पोचतो. तिथे त्याला शहापासून आडोसा कोण देतं? काळ्याचंच, म्हणजे टार्टाकोव्हरचंच, एफ५ वरचं प्यादं. तिथे थांब, काळ्याचा हत्ती किती हतबल झालाय ते दहा मिनिटं नुसतं बघ. मला आजही तो राजा चालताना पाहून भरून येतं.

ओपनिंगची, म्हणजे डावाच्या सुरुवातीच्या चालींची, पाठांतरं नंतर. दिव्या देशमुखचे २०२५ च्या महिला विश्वचषकातले डाव त्यानंतर घे, नागपूरच्या या मुलीने तो जिंकून थेट ग्रँडमास्टर किताब मिळवलाय.