आनो नावाचा फुलबॅक : वाचकांचे प्रश्न

चॅम्पियन्स लीग या युरोपातल्या क्लबांच्या स्पर्धेच्या जन्माबद्दल लिहिताना गेल्या वेळी फ्रान्सच्या गाब्रिएल आनो या जुन्या हौशी फुलबॅकचं, म्हणजे बचावपटूचं नाव मी एका ओळीत उरकलं होतं. ती ओळ वाचकांना पुरली नाही असं दिसतंय. आलेल्या प्रश्नांपैकी काही इथे घेतो.

नाव हॅनॉट की आनो? आणि हा माणूस मुळात कोण? (एक वाचक, नाशिक)

फ्रेंचमध्ये सुरुवातीचा 'ह' गिळतात आणि शेवटचा 'ट'ही. म्हणून गाब्रिएल आनो. जन्म ६ नोव्हेंबर १८८९, उत्तर फ्रान्समधल्या आरासचा. खेळला प्रामुख्याने तूरक्वँ या गावाच्या संघाकडून. हे लोकरीच्या गिरण्यांचं गाव, बेल्जियमच्या सीमेला चिकटलेलं. मधल्या काळात जर्मनीत म्युन्स्टरच्या प्रॉयसेन संघातूनही तो खेळला, त्यामुळे जर्मन भाषा आणि जर्मन फुटबॉल दोन्ही त्याला आतून माहीत होते. फ्रान्ससाठी १२ सामने. पुढे आयुष्यभर पत्रकार. १९६८ मध्ये निधन.

१९०८ ते १९१९ एवढ्या वर्षांत फक्त १२ सामने? चांगला खेळाडू नव्हता का? (पुणे)

होता. पण तेव्हा आंतरराष्ट्रीय सामनेच वर्षाला मोजके होत. फ्रान्सचा पहिला अधिकृत सामना १ मे १९०४ चा, बेल्जियमशी ३-३. त्यात घरातली भाऊबंदकी. फ्रान्समध्ये खेळाच्या एकाहून अधिक संघटना होत्या. त्यातली सर्वांत बडी संघटना १९०८ मध्ये फिफा या जागतिक फुटबॉल संघटनेतून रुसून बाहेर पडली आणि तिच्या खेळाडूंना काही वर्षं राष्ट्रीय संघाचे दरवाजे बंद झाले. मग १९१४ ला महायुद्ध. आनो जर्मनांच्या हाती सापडला, युद्धकैदी झाला आणि तिसऱ्या प्रयत्नात निसटला. मार्च १९१९ मध्ये ब्रुसेल्सला बेल्जियमविरुद्ध २-२ असा सामना झाला, तो त्याचा शेवटचा. त्यानंतर एका विमान अपघाताने खेळणं संपवलं. हे सगळं जमेस धरलं तर १२ आकडा मला लहान वाटत नाही.

त्या काळात बचावपटू म्हणजे नेमकं काय काम करायचा? आज चार-चार जण असतात. (मुलांना फुटबॉल शिकवणारे एक वाचक, सातारा)

हा प्रश्न माझ्या आवडीचा, म्हणून जरा ऐसपैस बोलतो. तेव्हाची मांडणी २-३-५. मागे दोनच फुलबॅक, मध्ये तिघे हाफबॅक आणि पुढे तब्बल पाच. दोघांच्या मागे फक्त गोलकीपर, आणि तोही बिचारा सुरक्षित नव्हता, कारण खांद्याने धक्का देऊन त्याला चेंडूसकट गोलात ढकलणं नियमात बसत होतं. १९१२ पर्यंत गोलकीपरला आपल्या अर्ध्या मैदानात कुठेही चेंडू हाताळता येई.

मग दोघांत भागायचं कसं? ऑफसाइडच्या नियमामुळे. तेव्हा पुढे असलेल्या खेळाडूच्या आणि गोलरेषेच्या मध्ये प्रतिस्पर्ध्यांचे किमान तीन जण लागत, नाहीतर त्याच्याकडे दिलेला पास बाद. आज दोन पुरतात, हा बदल १९२५ चा. म्हणजे गोलकीपर धरून तीन. एक फुलबॅक चार पावलं पुढे सरकला की समोरचा फॉरवर्ड आपसूक ऑफसाइडमध्ये आणि दुसरा फुलबॅक मागे राखणीला. सगळी मदार त्या चार पावलांवर. लवकर सरकलात तर उघडे पडलात, उशिरा सरकलात तर गोल. पायात ताकद लागायचीच, कारण भिजलेला चामड्याचा चेंडू दगडासारखा जड होई आणि त्याच्या वादीची गाठ कपाळावर बसली तर वळ उठे. पण फुलबॅकची खरी कमाई नजरेची. बाकीचे पळत असताना तो उभा राहून अख्खं मैदान वाचत असे. आनोची पुढची पत्रकारिता वाचताना मला नेहमी वाटतं, की ती मागे उभं राहूनच केलेली आहे.

तुमच्या मुलांना एकदा गंमत म्हणून जुन्या नियमाने खेळवून बघा. दहा मिनिटांत सगळे मैदानाच्या मधोमध गर्दी करतील.

आमच्याकडे तालमीच्या संघातली पोरं दिवसभर काम करून संध्याकाळी मैदानावर येतात. फ्रान्समध्ये हौशी खेळाडूंचं कसं चालायचं? (कोल्हापूर)

कागदावर अगदी असंच. पैसे घेऊन खेळणं म्हणजे बाट, अशी समजूत. प्रत्यक्षात १९२० च्या दशकात मोठे क्लब चांगल्या खेळाडूला खोटी नोकरी दाखवून किंवा पाकीट सरकवून आणत. अशांना तिथे 'तपकिरी' हौशी म्हणत, म्हणजे धड पांढरे नाहीत. आनो स्वतः जुना हौशी. त्याने सोवळं जपायला हवं होतं. पण तो लेखणी घेऊन उलट बाजूला उभा राहिला: चोरून देता तर उघड द्या, करार करा, नियम करा. फ्रान्समध्ये १९३२-३३ च्या हंगामात व्यावसायिक लीग सुरू झाली, त्यामागे त्याच्या लिखाणाचा मोठा वाटा. पहिल्याच वर्षी अँतिब संघाला सामना ठरवून खेळल्याच्या संशयावरून बाहेर काढावं लागलं आणि अंतिम सामन्यात लीलच्या संघाने कान शहराच्या संघाला ४-३ हरवलं. म्हणजे पैसा उघड झाला म्हणून लबाडी गेली असं काही झालं नाही. तरीही मला आनोचंच पटतं. निदान खेळाडूला आपला भाव माहीत झाला.

त्याने स्वतःलाच काढून टाका असं पेपरात लिहिलं होतं, हे खरं की दंतकथा? (ठाणे)

दुसऱ्या महायुद्धानंतर आनो पत्रकारिता सांभाळून फ्रान्सच्या राष्ट्रीय संघाचंही काम पाहत होता. आजच्या भाषेत हितसंबंधांचा संघर्ष, तेव्हा कुणी फारसं मनावर घेतलं नाही. १९ जून १९४९ ला पॅरिसजवळच्या कोलोंबच्या मैदानावर स्पेनने फ्रान्सला ५-१ असं धुतलं. एकट्या बासोराचे तीन गोल. त्यानंतर 'लेकीप' या दैनिकात निनावी लेख आला: या प्रशिक्षकाला आता जाऊ द्या. लेखक आनोच, आणि त्याने पद सोडलंही. कथा अशीच सांगितली जाते. निनावीपणाबद्दल माझ्या मनात थोडी शंका आहे, कारण त्याची शैली ओळखणारे कचेरीभर बसलेले असणार. पद सोडणं मात्र खरं.

चॅम्पियन्स लीग ही एकट्याची कल्पना कशी म्हणता येईल? (मुंबई)

येणार नाही, आणि गेल्या वेळी माझ्या वाक्यातून तसं ध्वनित झालं, ती चूक माझी. मध्य युरोपातल्या क्लबांसाठी मित्रोपा कप १९२७ पासून होता. दक्षिण अमेरिकेत १९४८ मध्ये सांतियागोला विजेत्या क्लबांची स्पर्धा भरली होती. 'लेकीप'मध्ये जाक फेरांसारखे सहकारी होते. आनोने ठिणगी टाकली, ती मात्र अचूक वेळी.

१३ डिसेंबर १९५४. इंग्लंडच्या वुल्व्हरहॅम्प्टनमध्ये दिव्यांच्या प्रकाशात वुल्व्हज विरुद्ध बुडापेस्टचा होनव्हेद, म्हणजे पुश्काश, कोचिश आणि मंडळी. ज्या हंगेरीने वर्षभरापूर्वी वेम्बलीवर इंग्लंडला ६-३ ने लोळवलं, तिचा कणाच हा. पहिल्या पंधरा मिनिटांत होनव्हेद २-० पुढे. पण वुल्व्हजचे मॅनेजर स्टॅन कलिस यांनी आधीच मैदानाला भरपूर पाणी मारून ठेवलं होतं. उत्तरार्धात चिखल झाला, हंगेरियनांचे छोटे पास त्यात रुतले आणि वुल्व्हज ३-२ ने जिंकले. इंग्लिश वृत्तपत्रांनी त्यांना जगज्जेते ठरवून टाकलं.

आनोने लिहिलं ते थोडक्यात असं: थांबा, आधी मॉस्को आणि बुडापेस्टला जाऊन खेळू द्या. मिलान आहे, रेआल माद्रिद आहे. खरंच ठरवायचं असेल तर स्पर्धाच भरवा. 'लेकीप'ने योजना छापली, क्लबांना पॅरिसला बोलावलं आणि पुढे युएफा या युरोपीय फुटबॉल संघटनेने ती स्पर्धा हाती घेतली, तीच आजची चॅम्पियन्स लीग. पहिला सामना ४ सप्टेंबर १९५५, लिस्बनला स्पोर्टिंग आणि पार्टिझान, ३-३. गंमत म्हणजे इंग्लंडचा विजेता चेल्सी तिथल्या लीगच्या दबावाने आलाच नाही. स्कॉटलंडचा हायबर्नियन आला आणि उपांत्य फेरीपर्यंत गेला. १३ जून १९५६ ला पॅरिसमध्ये अंतिम सामना: रेआल माद्रिद ४, रँस ३. फ्रेंच संघ दहा मिनिटांत दोन गोलांनी पुढे असूनही हरला. आनोच्या घरच्या मांडवात जेवण स्पॅनिश लोकांनी जेवलं.

बॅलन डी'ओरही त्याचंच ना? मग बचावपटूंच्या वाट्याला ते इतकं कमी का? (नागपूर)

'फ्रान्स फुटबॉल' या नियतकालिकाच्या ज्या मंडळींनी १९५६ मध्ये वर्षातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूचा हा सन्मान सुरू केला, त्यांत आनो अग्रभागी. पहिला मानकरी ४१ वर्षांचा स्टॅन्ली मॅथ्यूज, रेआल माद्रिदच्या डी स्टेफानोपेक्षा तीन गुणांनी पुढे. मॅथ्यूज विंगर, म्हणजे कडेने धावणारा आक्रमक. फुलबॅकच्या डोक्यातून निघालेलं बक्षीस पहिल्याच वर्षी फुलबॅकला चकवणाऱ्याला! त्यानंतर मागच्या फळीतले किती? बेकेनबाउअर दोनदा, १९७२ आणि १९७६. सामर १९९६. कान्नावारो २००६. संपली यादी. फाकेत्ती १९६५ मध्ये दुसरा, बारेसी १९८९ मध्ये दुसरा आणि २०१९ मध्ये व्हॅन डाइक मेस्सीच्या मागे दुसरा, फक्त सात गुणांनी.