तमिळ चित्रपटांतला बैल धरण्याचा खेळ प्रत्यक्षात कसा असतो?

‘विरुमांडी’ (2004) पाहून आपण विचारले आहे की, त्यातील जल्लीकट्टू म्हणजे बैलाशी केलेली झुंजच का. तसे म्हणणे योग्य होणार नाही, कारण या खेळात बैलाला मारायचे किंवा जखमी करायचे नसते, तर त्याच्या वशिंडाला मिठी मारून ठरावीक अंतर किंवा त्याच्या काही उड्या होईपर्यंत टिकून राहायचे असते. शिंगे वा शेपटी धरणे नियमात बसत नाही.

मदुराईजवळच्या अलंगनल्लूर, पालमेडू आणि अवनियापुरम येथे पोंगलच्या दिवसांत हा खेळ होतो. ‘वाडिवासल’ नावाच्या अरुंद दारातून एकेक बैल सोडला जातो. दाराच्या दोन्ही बाजूंना अंग चोरून उभे असलेले तरुण त्याचे वशिंड नजरेच्या टप्प्यात येण्याची वाट पाहतात, आणि तो क्षण हुकला की बैल निघून गेलेला असतो. कोणाच्याही हाती न लागलेला बैल जिंकतो व बक्षीस त्याच्या मालकाला मिळते. चित्रपट नायकाभोवती फिरत असल्याने मालकाचा हा अभिमान पडद्यावर पुरेसा उतरत नाही, असे मला वाटते.

सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये या खेळावर बंदी घातली. जानेवारी 2017 मध्ये चेन्नईच्या मरीना किनाऱ्यावर मोठे आंदोलन झाल्यावर तमिळनाडूने कायद्यात दुरुस्ती केली, आणि मे 2023 मध्ये घटनापीठाने ती वैध ठरवली. आपल्याकडच्या बैलगाडा शर्यतींनाही त्याच निकालाने मान्यता मिळाली.