वर, खाली आणि मतलई

राजापूरकडच्या एका वाचकाचा प्रश्न असा: "आमच्या आजोळी सपाट अंगणातसुद्धा 'पाट जरा वर सरकव', 'तो खालच्या अंगाला बसलाय' असं म्हणतात. शाळेत शिकवलं की वर म्हणजे उत्तर. आजीचं 'वर' मात्र उगवतीला असतं. बरोबर कोण?"

आजी. नकाशा भिंतीवर टांगला की उत्तर वर जाते; अंगणात नकाशा नसतो. कोकणात घाट उगवतीला, दर्या मावळतीला आणि मध्ये सरासरी 50 किलोमीटरची उतरती पट्टी. पऱ्ह्या, नदी, पावसाचं पाणी, सगळं एकाच बाजूला धावतं. हा उतार जन्मभर पायाखाली असतो, तो अंगण सपाट केलं म्हणून डोक्यातून जात नाही. मेक्सिकोतल्या तेनेहापाचे त्सेल्ताल लोक 'चढाकडे' हा शब्द घरातल्या सपाट जमिनीवरही वापरतात आणि त्यांचा चढ दक्षिणेला असतो. संस्कृतातला 'उत्तर' म्हणजे तरी काय, 'अधिक वरचा'. दक्षिणेचं एक नाव 'अवाची', खालची. प्रत्येकाचं 'वर' आपापल्या डोंगराकडे.

पण पोटात दिशा लपवून बसलेला खरा शब्द वेगळाच आहे: मतलई. अलीकडे पर्यटनाच्या जाहिरातींत 'समुद्रावरून येणारा आल्हाददायक मतलई वारा' सर्रास वाचायला मिळतो आणि माझा संताप होतो. भूगोलाच्या शालेय पुस्तकात सरळ दिलंय: दिवसा समुद्राकडून येतो तो खारा वारा, रात्री जमीन पाण्याआधी थंड होते आणि जमिनीकडून समुद्राकडे वाहतो तो मतलई. एवढं पाठ करून परीक्षा दिलेली माणसं पुढे वाऱ्याचं तोंड फिरवतात!

कुणी म्हणतं हा शब्द 'मतलब'वरून आला, कुणी 'मंद लहरी'चा अपभ्रंश ठरवतं. कानाला जवळचं सापडलं की झाली व्युत्पत्ती! मला खात्री आहे की हा अरबी 'मतला' आहे, म्हणजे उगवण्याची जागा. गझलेचा पहिला शेर तो मतला, तोच हा शब्द. अरबी दर्यावर्दींच्या होकायंत्राला 32 दिशा होत्या: दोन ध्रुवांच्या आणि बाकी 15 ताऱ्यांच्या. तारा उगवतो ती बाजू 'मतला', मावळतो ती 'मगीब'. मतलई वारा म्हणजे उगवतीचा वारा, पूर्वेचा.

आणि कोकणात पूर्वेला काय आहे? जमीन! म्हणून उगवतीचा वारा तोच जमिनीचा वारा. चेन्नईच्या किनाऱ्यावर हे जमलं नसतं, तिथे उगवतीचा वारा समुद्रावरून येतो. 'पूर्वेचा'चं 'जमिनीकडचा' होऊ शकतं ते आपल्यासारख्या किनाऱ्यावर, आणि मराठीत झालंही नेमकं तसंच. हा योगायोग आहे असं ज्यांना म्हणायचंय त्यांनी आधी 'नाखवा', 'सुकाणू', 'बंदर', 'मोसम' हे शब्द कुठून आले ते पाहावं. अख्खं गलबत अरबी-फारसी शब्दांनी भरलंय, मग वाराच तेवढा 'मंद लहरी'तून कसा येईल?

हर्णैच्या धक्क्यावर एकदा पहाटे उभा होतो. शेजारी एक म्हातारे तांडेल बिडी ओढत होते. धूर आधी सरळ वर जात होता, मग वाकला आणि होड्यांवरून दर्याकडे गेला. ते एवढंच म्हणाले, "सुटला." शिडांच्या काळात याच वाऱ्यावर पहाटे बाहेर पडायचं आणि दुपारी खाऱ्यावर घरी यायचं.

तेव्हा संध्याकाळी वाळूत बसून गालावर घेता तो खारा. मतलई हवा असेल तर पहाटे या आणि दर्याकडे तोंड करून उभे राहा. तो मानेला लागतो.