सिम्युलेशन साडेचार सांगतं, मीटर तीन दाखवतो

प्रश्न : माझी मुलगी अकरावी सायन्सला आहे. करंट, व्होल्टेज पुस्तकातून डोक्यात शिरत नाही म्हणून ती लॅपटॉपवर सर्किटची सिम्युलेशन्स, म्हणजे पडद्यावरच जोडून चालवायची नकली सर्किट्स, चालवून बघते, तासन् तास. पुढे इलेक्ट्रॉनिक्स घ्यायचं म्हणते. क्लासचे सर म्हणतात, हे खेळ बंद कर आणि एमसीक्यू सोडव. मी कॉमर्सची, मला यातलं काही कळत नाही. ती खरंच शिकतेय का?
– एक आई, धायरी

उत्तर : ताई, बंद करू नका. ती शिकतेय की नुसती बघतेय, हे फिजिक्स न येताही तुम्हाला ओळखता येईल. ती बटण दाबणार तेवढ्यात विचारा, ‘आता काय होईल?’ आधी अंदाज सांगून मग दाबत असेल, तर शिकतेय. ‘थांब गं, बघू दे’ म्हणाली, तर मात्र तो तास सिनेमा पाहण्यात गेला असं समजा. अंदाज वहीत लिहायचा, मगच चालवायचं, एवढा एक नियम घरात करा.

करंट डोळ्यांना दिसत नाही, हीच या विषयाची खरी अडचण. पहिला बल्ब थोडा करंट ‘खातो’ आणि पुढच्याला उरलेला मिळतो, असं कितीतरी हुशार मुलांना मनातून वाटत असतं. सिम्युलेशनमध्ये बल्बच्या अलीकडे आणि पलीकडे करंटचे ठिपके सारख्याच वेगाने सरकताना दिसले की हा समज सुटतो. नोबेल मिळालेले कार्ल वीमन यांनी 2002 मध्ये कोलोरॅडो विद्यापीठात ‘फेट’ सिम्युलेशन्स सुरू केली; न दिसणाऱ्या गोष्टी ती अशाच डोळ्यांसमोर आणतात. ती मोफत आहेत, बरीचशी मराठीतही आहेत. तिथेच झालेला एक अभ्यास 2005 मध्ये प्रसिद्ध झाला. आधी सिम्युलेशनवर सर्किट शिकलेल्या विद्यार्थ्यांना नंतर खऱ्या वायरी जोडणंसुद्धा, पहिल्यापासून खरं सामान हाताळलेल्यांपेक्षा चांगलं जमलं. सरांना हे जरूर सांगा.

पण ठिपके म्हणजे दर वेळी इलेक्ट्रॉनच असं नाही, हे तिला माहीत हवं. ‘फेट’मध्ये ते इलेक्ट्रॉन असतात, पण काही सिम्युलेशन्समध्ये ते करंटची रूढ दिशा, म्हणजे बॅटरीच्या धन टोकाकडून ऋण टोकाकडे, दाखवतात. इलेक्ट्रॉन उलट जातात, आणि घरातल्या तांब्याच्या वायरीत तर सेकंदाला मिलिमीटरभरही पुढे सरकत नाहीत.

आता माझा आग्रह. शनिवारी तिला घेऊन पुण्यात बुधवार पेठेतल्या तपकीर गल्लीत जा. एक ब्रेडबोर्ड (वायरी नुसत्या खोचून सर्किट जोडायची पाटी), थोड्या जंपर वायर, 9 व्होल्टची बॅटरी, 1 मेगाओहमचे दोन रेझिस्टर (करंटला अडवणारे भाग; ओहम हे त्या अडवण्याचं, म्हणजे रोधाचं, माप), 1 किलोओहमचे दोन आणि व्होल्टेज मोजायला तो पिवळा स्वस्त मल्टिमीटर घ्या. (घरच्या प्लगला मात्र हात लावायचा नाही, सगळं बॅटरीवरच.) मेगाओहमचे दोन रेझिस्टर बॅटरीला एकापुढे एक जोडायचे आणि एकावरचं व्होल्टेज मोजायचं. सिम्युलेशन सांगेल साडेचार. मीटर दाखवेल तीनच्या आसपास. तिला वाटेल मीटर बिघडलाय. मग किलोओहमचे दोन लावून बघू दे, आता बरोबर साडेचारच्या जवळ येईल.

झालं काय, तर अशा मीटरचा स्वतःचा रोध साधारण 1 मेगाओहमच असतो. तो रेझिस्टरला समांतर, म्हणजे त्याच्याच दोन टोकांना, बसला की दोघांचा मिळून अर्धा मेगाओहम होतो. वरचा एक, खालचा अर्धा. तुम्ही कॉमर्सच्या, भागीदारीतल्या नफ्यासारखं 9 व्होल्ट दोनास एक वाटून बघा: सहा आणि तीन. आता तिला सिम्युलेशनमध्ये मीटरच्या जागी तिसरा 1 मेगाओहमचा रेझिस्टर टाकायला सांगा. तेही तीनच म्हणेल! आधी ते खोटं बोलत नव्हतं. मीटरही सर्किटचाच भाग आहे, हे त्याला कुणी सांगितलेलं नव्हतं.

इलेक्ट्रॉनिक्सचं काम थेट असंच चालतं. अमेरिकेत बर्कलीच्या विद्यापीठात 1973 मध्ये आलेल्या ‘स्पाइस’ या सर्किट-सिम्युलेशनच्या प्रोग्रॅमपासून इंजिनिअर आधी संगणकावर सर्किट तपासतात, मग बोर्ड बनवतात, मग दोन्ही आकडे का जुळत नाहीत ते शोधत बसतात. हे शोधताना तिला कंटाळा येतो की जेवणाची शुद्ध राहत नाही, ते बघा. ब्रँच निवडताना मी टक्क्यांच्या आधी हेच विचारतो.

सरांचंही एक म्हणणं खरं आहे. एमएचटी-सीईटीत फिजिक्स-केमिस्ट्रीचे 100 प्रश्न 90 मिनिटांत सोडवायचे असतात. तिथे हात चालावा लागतो, आणि तो कागदावर गणितं करूनच चालतो. म्हणून संकल्पना अडेल तिथेच सिम्युलेशन, अर्धा-पाऊण तास, पेन्सिल हातात ठेवून.

फिजिक्स की इलेक्ट्रॉनिक्स, हे आज ठरवायची घाई नको. विज्ञान दिनाच्या सुमारास, म्हणजे 28 फेब्रुवारीच्या आसपास, नारायणगावजवळच्या खोडदची जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण (आकाशातून येणाऱ्या रेडिओ लहरी टिपणारी) लोकांना बघता येते. 45 मीटर व्यासाच्या 30 अँटेना आहेत. तारीख आधी बघून घ्या आणि तिला तिथल्या माणसांशी बोलू द्या. आकाशाबद्दल जास्त विचारते की लहरी पकडणाऱ्या रिसीव्हरबद्दल, तेवढं लक्षात ठेवा आणि मला कळवा. ते साडेचारचे तीन कसे झाले, हे तिने तुम्हाला पुस्तक न उघडता समजावलं का, तेही लिहा.