दारावर ताब्याची नोटीस लागली आहे, कोर्ट हप्ते बांधून देईल का?

नोकरी गेल्याने धायरीतल्या फ्लॅटचे हप्ते थकले, बँकेने ताब्याची नोटीस दारावर चिकटवली, आता कोर्टातून स्टे आणि हप्ते बांधून मिळतील का, असं तुम्ही विचारलंय. मी पुण्यात याच केसेस चालवते, म्हणून स्पष्ट सांगते. वेळ मिळू शकतो, माफी मिळत नाही. आणि वेळसुद्धा जो मुदतीत येतो आणि काहीतरी रक्कम भरायची तयारी ठेवून येतो, त्यालाच मिळतो.

मनाई हुकमासाठी शिवाजीनगरच्या दिवाणी कोर्टात धावू नका. बँकांना कोर्टात न जाता तारण घर ताब्यात घेऊ देणारा जो सरफेसी कायदा, त्याच्या कलम ३४ ने तो रस्ता बंद केलाय. जायचं ते डीआरटीत, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात. ते पुण्यातच आहे. कलम १७ चा अर्ज ताब्याच्या कारवाईपासून ४५ दिवसांत दाखल व्हायला हवा. हायकोर्टात जाऊ असं बरेच जण म्हणतात, पण डीआरटीची सोय असताना हायकोर्टांनी रिट अर्जात हात घालू नये, असं सुप्रीम कोर्टाने २०१० च्या सत्यवती टंडन निकालात बजावलंय.

डीआरटीत नुसती अडचण सांगून भागत नाही. बँकेने कायदा पाळला का, हे तिथे पाहतात. हप्ता ९० दिवसांहून जास्त थकल्यावरच खातं एनपीए, म्हणजे थकीत-बुडीत, ठरवलं का? मागणीच्या नोटिशीनंतर ६० दिवस दिले का? तुम्ही लेखी हरकत घेतली असेल, तर १५ दिवसांत कारणांसह उत्तर आलं का? ताब्याची नोटीस दोन वर्तमानपत्रांत, त्यातल्या एका मराठी पेपरात, छापली का? म्हणून आजच खातेउतारा मागवा आणि नोटिशीतला आकडा त्याच्याशी ओळीओळीने ताडून बघा. दंड, विमा, वसुलीखर्च या नावाखाली काय काय चढवलंय ते तिथेच सापडतं. नोटिशीचं पाकीटही जपून ठेवा, त्यावरच्या पोस्टाच्या शिक्क्याची तारीख कामाला येते. रजिस्टर पोस्टाचं पाकीट घेतलंच नाही की नोटीस लागू होत नाही, हा समज मला फार छळतो. पाकीट परत जातं, बँक दारावर चिकटवते, पेपरात देते, आणि इकडे माणसाचे दिवस संपत जातात.

मुद्दा ठोस असेल तर स्टे मिळतो, पण बहुतेक वेळा काही रक्कम भरण्याच्या अटीवर. अट मोडली की स्टे गेला. डीआरटीच्या आदेशावर मुंबईच्या अपील न्यायाधिकरणात जायचं तर कर्जदाराला येणे कर्जाच्या ५० टक्के रक्कम आधी भरावी लागते, फार तर ती २५ टक्क्यांपर्यंत खाली येते. तेव्हा पहिल्याच अर्जात सगळी ताकद लावा.

आता हप्ते बांधून घेण्याचं. ओटीएस, म्हणजे ठरावीक रक्कम भरून कर्ज एकदाचं मिटवण्याची तडजोड, हा कर्जदाराचा हक्क नाही, कोर्ट बँकेला तो द्यायला लावू शकत नाही, असं सुप्रीम कोर्टाने २०२१ मध्ये सांगितलं. पण बँक राजी झाली तर तडजोड होते, लोकअदालतीतही होते. घराच्या कर्जात मी आधी वेगळी गोष्ट करून बघते: पूर्ण कर्ज नाही, फक्त थकलेली सगळी बाकी भरून खातं नियमित करून द्या, अशी लेखी विनंती. थकबाकी पूर्ण भरली तर खातं एनपीएतून बाहेर काढायला रिझर्व्ह बँकेचे नियम आड येत नाहीत. नातेवाइकांकडून पैसे उभे करणार असाल तर ते इथे लावा. तोंडी आश्वासनावर एक रुपयाही भरू नका, मॅनेजरचं सही-शिक्क्याचं पत्र घ्या.

हे सगळं लिलावाची जाहिरात येण्याआधी करा. २०१६ च्या दुरुस्तीनंतर पूर्ण कर्ज फेडून घर सोडवण्याचा हक्क जाहिरात छापून येईपर्यंतच टिकतो, आणि २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने त्यावर शिक्कामोर्तब केलंय.

कर्ज सहकारी बँकेचं असलं तरी हेच लागू आहे, २०२० पासून त्यात वाद उरलेला नाही. पतसंस्थेचं असेल तर मात्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ चा वसुली दाखला येतो आणि लढाई सहकार खात्यात लढावी लागते. तसं असेल तर खाली सांगा, त्याचं वेगळं लिहिते.